निकाल हातात, पैसे नाहीत: दरखास्त, तहसील की लोकअदालत?

माझ्या चुलत वहिनींची प्लास्टिकची पिशवी मला पाठ झाली आहे. निकालाची नक्कल, मृत्यूचा दाखला, पासबुक आणि तळाशी भावाचं लायसन्स, जे कुणीच मागत नाही. नागपूरच्या मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाचा निकाल लागून दीड वर्ष झालं. कायद्याने भरपाईची रक्कम 30 दिवसांत जमा व्हायला हवी होती.

अशा वेळी हाताशी तीन वाटा असतात.

विमा कंपनीवर जबाबदारी असेल तर माझं मत सरळ आहे: दरखास्त, म्हणजे निकालाच्या वसुलीचा अर्ज, टाका. मोटार वाहन कायद्यातल्या 1 एप्रिल 2022 पासून लागू झालेल्या दुरुस्तीने न्यायाधिकरणाला दिवाणी कोर्टासारखे वसुलीचे अधिकार आहेत, म्हणजे खातंही जप्त होतं. पैसा असलेल्याला हीच भीती पुरते. 'आमचं अपील आहे' असं कंपनीकडून ऐकायला मिळेल. त्यावर एकच विचारा, स्थगितीचा आदेश कुठे आहे? नुसतं अपील टाकल्याने वसुली थांबत नाही.

गाडीला विमाच नव्हता आणि मालकाकडे शेती आहे, तर त्याच कायद्याच्या कलम 174 खाली वसुली प्रमाणपत्र घ्यावं. जिल्हाधिकारी ती रक्कम तहसीलमार्फत जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसूल करतात. उमरेड-काटोलकडची जमीन असेल तर तलाठ्याकडून निघालेला सातबारा सोबत जोडाच. पण इथे कोर्टासारखी तारीख पडत नाही, त्यामुळे फाईल कुणाच्या टेबलावर आहे हे आपणच विचारत फिरायचं. मालक शिवनी-छिंदवाड्याचा निघाला तर कागद मध्य प्रदेशच्या जिल्हाधिकाऱ्याकडे जातो. मग बापा, धीर धरा. आणि मालकाच्या नावावर काहीच नसेल तर ही वाट आणि दरखास्त, दोन्ही कोरड्याच.

लोकअदालतीत पैसे लवकर मिळतात, पण तिथल्या निवाड्यावर अपील नाही. म्हणून सही आधी नाही, हिशेब आधी. समजा 18 लाखांचा निकाल आहे, व्याज साडेसात टक्के, अर्ज केल्याला 4 वर्षं झाली. व्याजच होतं 5 लाख 40 हजार. कंपनी 'पूर्ण 18 लाख देतो' म्हणते तेव्हा ती एवढी रक्कम सोडायला सांगत असते. हायकोर्टाच्या नागपूर खंडपीठात कंपनीला स्थगिती मिळाली असेल आणि वाट लांब दिसत असेल, तर 21-22 लाखांवर तडजोड मला पटते. तरी त्याआधी वकिलाला विचारा: कंपनीने हायकोर्टात रक्कम भरली आहे का? भरली असेल तर अपील चालू असतानाही त्यातला काही भाग काढण्यासाठी अर्ज करता येतो. हे कित्येकांना ठाऊकच नसतं.

वहिनींनाही नव्हतं. पोरीची अकरावीची फी भरायची म्हणून त्या पडत्या आकड्याला हो म्हणायला निघाल्या होत्या. सोमवारी सिव्हिल लाइन्सला जाऊन आम्ही आधी तो अर्ज टाकणार आहोत.