डाकॉनचं चक्र आणि सेन्सेटांचे दगड : 'प्लेनस्केप: टॉर्मेंट – एनहान्स्ड एडिशन'

'प्लेनस्केप: टॉर्मेंट' हा संगणकावरचा भूमिका-खेळ सुरू होताच नायकाच्या क्षमतांत वाटायला हातात 21 गुण येतात, आणि बरेच जण इथेच चुकतात. सहाही क्षमता 9 वर असतात, एकेक 18 पर्यंत वाढवता येते. दुसऱ्या कुठल्याही भूमिका-खेळाची सवय असलेला माणूस हे गुण ताकद आणि चिवटपणा यांत ओततो. 'टॉर्मेंट'मध्ये ते करू नका. विझडम (शहाणपण) 18, इंटेलिजन्स (बुद्धी) 16, करिझ्मा (छाप पाडण्याची शक्ती) 14 असं वाटप करा, 21 गुण बरोबर संपतात. विझडम कमी असेल तर संवादातले अनेक पर्याय पडद्यावर येतच नाहीत. ते पुसट करूनही दाखवले जात नाहीत, त्यामुळे काय हुकलं याचा पत्ता लागत नाही. स्मृती गमावलेल्या नायकाच्या जुन्या आठवणी जाग्या होणं आणि अनुभवगुणांवर मिळणारी वाढ, दोन्ही विझडमवरच अवलंबून आहेत.

मूळ खेळ डिसेंबर 1999 मधला, ब्लॅक आइल स्टुडिओजचा. बीमडॉगची ही सुधारित आवृत्ती एप्रिल 2017 मध्ये आली. ज्या जगात तो घडतो ते त्याआधीचं, 1994 मध्ये टीएसआर या प्रकाशकाने पेटीतून विकलेलं, 'डंजन्स अँड ड्रॅगन्स' या टेबलावर खेळायच्या भूमिका-खेळाचं 'प्लेनस्केप'. सिगिल हे त्याचं मध्यवर्ती शहर. तिथे सत्तेसाठी भांडणारे 15 पंथ आहेत आणि प्रत्येक पंथ म्हणजे जाणिवेबद्दलचं एकेक मत. डस्टमेन म्हणतात, आपण सगळे आधीच मेलेलो आहोत. साइन ऑफ वन म्हणतो, जग माझ्या कल्पनेतून उभं आहे. आपल्याकडे दृष्टिसृष्टिवाद (पाहणाऱ्याच्या जाणिवेतूनच सृष्टी उभी राहते हे मत) ऐकलेल्याला हे ओळखीचं वाटेल, फक्त इथे त्यात अहंकार ठासून भरलेला आहे. असल्या कल्पना बहुतेक काल्पनिक जगांत शोभेपुरत्या असतात. इथे त्या जगाचे नियम आहेत. पुरेशा लोकांनी पुरेशा ठामपणे मानलं की वस्तू, माणूस, अख्खं गावसुद्धा बदलतं. ॲडान हे खोटं नाव भेटेल त्याला सांगत राहा, पुढे काय होतं ते स्वतः पाहा.

पंथांमध्ये सर्वांत सविस्तर घडवलेला पंथ सेन्सेटांचा. त्यांचं म्हणणं असं की जग इंद्रियांतूनच कळतं, म्हणून जेवढं अनुभवता येईल तेवढं अनुभवा, दुःखही सोडू नका. प्रत्यक्ष हेच प्रमाण मानणाऱ्या चार्वाकांशी याचं नातं लावायचा मोह होतो, पण सिगिलच्या क्लर्क्स वॉर्डातल्या सिव्हिक फेस्टहॉल या त्यांच्या ठाण्यात गेल्यावर अडचण लक्षात येते. तिथल्या सेन्सोरियममध्ये दगड ठेवलेले आहेत. कुणीतरी आपला अनुभव त्यात साठवलेला असतो; हात लावला की तो तुमचा होतो. याला प्रत्यक्ष म्हणायचं की शब्दप्रमाण, म्हणजे दुसऱ्याच्या सांगण्यावर विसंबलेलं ज्ञान? अनुभव दुसऱ्याचा, पण तो सांगितलेला नाही, भोगलेला आहे. खेळ हा प्रश्न चर्चेत घालत नाही. एका दगडात तो इतका जिव्हारी आणून ठेवतो की एकाच क्षणात दोन माणसांना काय वाटत होतं हे एकदम समोर येतं. कथा फोडायची नाही, एवढंच सांगतो की हा या माध्यमातल्या सर्वोत्तम प्रसंगांपैकी एक आहे आणि तो निव्वळ मजकुरातून उभा राहतो.

इथे एक चूक हमखास होते. फेस्टहॉल 'नंतर बघू' म्हणून ठेवला जातो. रेव्हल या चेटकिणीच्या भूलभुलैयात शिरलात की कथा तुम्हाला सिगिलबाहेर नेते आणि परतायला बराच काळ जातो. तेव्हा सेन्सोरियममधले दगड, तिथली व्याख्यानं आणि सोबत्यांशी राहिलेलं बोलणं आधी उरकून घ्या.

या खेळाचा खरा गाभा मात्र डाकॉन आणि त्याचं चक्र. सिगिलच्या हाइव्ह या वस्तीतल्या 'स्मोल्डरिंग कॉर्प्स' या गुत्त्यात तो भेटतो. त्याला सोबत घेतलंच पाहिजे. तो गिथझेराई. त्याची जमात लिंबोत राहते, जिथे कशालाच आकार नसतो आणि शहरं मनाच्या एकाग्रतेवर तोलून धरावी लागतात. मन दुभंगलं की पायाखालची जमीन विरघळते. त्याच्या हातातली कॅराक या धातूची तलवारही तशीच, धरणाऱ्याच्या मनाइतकीच धारदार. तो 'नो' (know) हा शब्द ज्या वजनाने वापरतो त्यासाठी मराठीत 'माहीत असणं' चालत नाही, 'जाणणं'च लागतं. तो म्हणतो तसं जाणणं म्हणजे त्या गोष्टीने आपलं मन बांधून घेणं.

डाकॉनजवळचं, त्याच्या जमातीचा गुरू झर्थिमॉन याचं अखंड चक्र म्हणजे एकात एक गुंतलेल्या दगडी कड्या. त्या फिरवल्या की शिकवणीचा एकेक भाग उघडतो. असे एकूण 8. पद्धत अशी: डाकॉनला चक्राबद्दल विचारा, शिकवण मागा, उघडलेला भाग वाचा आणि पुन्हा त्याच्याकडे जाऊन तुम्हाला काय समजलं ते सांगा. घाईने पहिला पर्याय दाबू नका. तो घोकंपट्टी तपासत नाही, अर्थ तपासतो. विझडम अपुरं पडलं तर पुढचे भाग उघडत नाहीत. अशा वेळी पातळी वाढल्यावर मिळणारा गुण विझडममध्ये टाका किंवा हाइव्हमधल्या फेलकडून क्षमता वाढवणारं गोंदण घ्या, मग परत या. या शिकवणीतून मंत्रही मिळतात, पण त्यासाठी नायक मांत्रिक हवा. ती विद्या रॅगपिकर्स स्क्वेअरमधली मेबेथ देते, आधी तुमच्याकडून तीन कामं करून घेऊन. शेवटचे भाग खुद्द डाकॉननेही पाहिलेले नसतात. शिष्य गुरूला त्याचंच शास्त्र उलगडून देतो, आणि श्रद्धेत पडलेली फट कशी दिसते हे इतकं हळुवारपणे दाखवणारं लेखन खेळांत फार क्वचित सापडतं.

आता उणिवा. लढाया कंटाळवाण्या आहेत. अरुंद गल्लीत सोबती एकमेकांना अडवतात, आणि कर्स्ट गावानंतर संवाद घटून मारामारी वाढते. लेखनाची वीणही तिथे सैल पडते. सेटिंगमध्ये कठीणपणा खाली आणा, ऑटो-पॉज (लढाई आपोआप थांबवण्याची सोय) चालू ठेवा, यात काहीच गमावत नाही. मेल्याची भीती बाळगू नका, नायक बहुतेक वेळा पुन्हा उठतो आणि काही वाटा तर मेल्यावरच उघडतात.

बीमडॉगने केलेलं काम नेमकं आहे. टॅब दाबला की उचलता येण्याजोग्या वस्तू उजळतात, चित्र जवळ-लांब करता येतं, मोठ्या पडद्यावर अक्षर स्वच्छ दिसतं. जुनं रूप हवं असेल तर हे सगळं बंदही होतं. फोनवर मात्र घेऊ नका. मजकूर सुमारे 8 लाख शब्दांचा, मूळ इंग्रजी, आणि त्या आकारात डोळ्यांना शिक्षा होते. संगणक किंवा मोठा टॅब्लेटच हवा. सिगिलची बोली जुन्या लंडनी चोरभाषेवर बेतलेली आहे. 'चँट' म्हणजे बातमी, 'बर्क' म्हणजे मूर्ख, 'डेड-बुक'मध्ये नाव गेलं म्हणजे माणूस मेला. एवढे तीन शब्द माहीत असले की पहिले दोन तास सुसह्य होतात; बाकीची बोली शवागारातून तुमच्यासोबत निघालेली मॉर्ट नावाची तरंगती कवटी बडबडीतून शिकवते.