कल्हई दारात आली, पण पॉलिशला आधीच नको म्हणा

दोन रविवारांपूर्वी आमच्या सोसायटीत फिरती कल्हई आली होती. फोनवर नाव नोंदवायचं, सकाळी भांडी खाली द्यायची, दुपारी घेऊन जायची. एरवी हे ओझं पुण्यात कसब्यातल्या तांबट आळीपर्यंत न्यायचं आणि गाडी लावायला जागा शोधायची म्हणजे अर्धा दिवस जातो.

मी आईच्या रुखवतातलं पितळी पातेलं, तपेली आणि एक गडवा दिला. पातेलं सहा वर्षं माळ्यावर पडून होतं, कारण आतली कल्हई गेली होती आणि शेवटची कढी त्यात कळकली होती (आंबट पितळेला लागून बिघडली होती). सासूबाईंनी अख्खी कढी मोरीत ओतली आणि एक अक्षर बोलल्या नाहीत. बोलल्या असत्या तर परवडलं असतं.

खुर्ची टाकून बघत बसले. कोळशाऐवजी गॅस, भात्याऐवजी ब्लोअर, बाकी सगळं तेच. भांडं तापलं की नवसागराची पूड, भसकन पांढरा धूर (लांब उभे राहा, ठसका लागतो), मग कथलाची कांडी टेकवून कापसाच्या बोळ्याने गरागरा फिरवायचं. पिवळं पोट बघता बघता पांढरंशुभ्र. तपेलीच्या गळ्याशी एक डाग सुटला होता, तो दाखवल्यावर कुरकुर न करता पुन्हा तापवून दिली.

तक्रार एकच, पण मोठी. न विचारता बाहेरून मशीनने पॉलिश मारलं. काठाखाली आईचं नाव आणि लग्नाची तारीख ठिपक्याठिपक्यांनी घातलेली होती. नाव अजून लागतं, तारखेतला महिना गेला. "चकचकीत झालं ना, ताई?" झालं बाबा. वर त्याचे १५० रुपयेही मीच दिले. एकूण ८५०.

दुसऱ्या दिवशी त्यात कढी केली, मुद्दाम रात्रीपर्यंत तशीच ठेवली. कळकली नाही. सासूबाईंनी आधी वास घेतला, मग वाटी पुढे केली. फोडणी मात्र मी लोखंडी पळीत करून वरून ओतते. कथील २३२ अंशांनाच वितळतं, त्यामुळे रिकामं पातेलं गॅसवर विसरलात तर कल्हई गेलीच समजा. आतून तारेची घासणीही नको.

कल्हईवाले दिवाळीआधी परत येणार आहेत. परात देईन म्हणते. तिच्यावर कुणाचं नाव नाही.