गरम पन्हं : संत्र्याचं की सफरचंदाचं?

नागपूरकराने संत्र्याविरुद्ध साक्ष द्यायची म्हणजे घरभेदीपणाच. त्यातून २०१४ साली ज्याला भौगोलिक मानांकन मिळालं ते हे फळ. म्हणून आधीच सांगून टाकतो, की खायला संत्र्यासारखं काही नाही आणि डिसेंबरात आमच्या घरी सफरचंदाकडे कुणी ढुंकूनही पाहत नाही. पण प्रश्न खाण्याचा नाहीच. रात्री नऊनंतर गच्चीवर शेकोटी पेटवली की हातात धरायला काहीतरी गरम, मसाल्याचं, फळाचं हवं असतं. चहा संध्याकाळीच झालेला असतो, कॉफीने झोप उडते आणि दूध पाहुण्यांना नको असतं. मग जे करायचं ते कशाचं करावं, एवढाच मुद्दा आहे. आमच्याकडे त्याला ‘गरम पन्हं’ म्हणतात. नाव चुकीचं आहे, पण पडलंय.

आमसुलाचं काय, असं कोकणातले वाचक विचारतील. करून पाहिलं. सुंठ, लवंग, गूळ घालून चांगलंच लागतं. पण दोन घोट झाले की जीभ त्याला सार समजायला लागते आणि भात कुठंय विचारते. बहुधा हा माझ्या जिभेचा दोष असेल. द्राक्षाचा रस गरम केला तर भलताच गोडमिट्ट होतो, तो मी एकदाच केला. तेव्हा खरा सामना दोघांतलाच.

संत्र्यापासून सुरुवात करतो, कारण माझीही तिथूनच झाली. २०१८ च्या डिसेंबरअखेर नागपुरात पारा ३.५ अंशांवर आला होता. त्या दिवसांत घरात दोन स्वेटर घालून बसलो होतो आणि काटोलकडच्या ओळखीच्यांनी पाठवलेली संत्र्यांची पोतडी दारामागे पडली होती. आंबिया बहाराची, म्हणजे वर्षअखेरीला उतरणाऱ्या पिकाची, ती शेवटची फळं, पोचट न झालेली, सालीला घट्ट. दहा-बारा संत्र्यांचा रस काढला, तेवढ्यात निम्मं पाणी, दालचिनीचा तुकडा, चार लवंगा, थोडी किसलेली सुंठ, चमचाभर साखर. गॅसवर ठेवल्यापासून दहाव्या मिनिटाला ग्लास हातात होता. तो पहिला ग्लास मी अजून विसरलेलो नाही. संत्र्याच्या वाफेला जो वास असतो तो सफरचंदाला सात जन्मांत यायचा नाही. शेजारच्या गच्चीवरून विचारणा झाली होती, काय शिजतंय म्हणून.

वेगाच्या बाबतीतही संत्रं पुढे. चिरणं नाही, शिजवणं नाही, गाळायला फडकं नाही. आमच्या भागात थंडीत संत्री मुळात विकत घ्यावीच लागत नाहीत, कुणी ना कुणी पिशवी आणून देतं. सफरचंद काश्मीर-हिमाचलातून शीतगृहं करत करत येतं आणि त्याचे पैसे मोजावे लागतात. म्हणजे कागदावर पाहिलं तर निकाल लागल्यातच जमा होता, आणि पुढची तीन-चार वर्षं मी संत्र्याचंच करत राहिलो.

घोळ झाला तो एका जानेवारीत. आठ-नऊ माणसं गच्चीवर, हुरडा आलेला, आणि वर्ध्याहून निघालेले मावशी-मावसाजी वाटेत कुठेतरी अडकलेले. पहिल्या वाटपात सगळ्यांनी ग्लास चाटूनपुसून रिकामे केले. उशिरा येणाऱ्यांसाठी म्हणून मी उरलेलं पातेलं अगदी मंद आचेवर झाकून ठेवलं. दीड तासाने मावसाजी आले, मफलर सोडून बसले, मी ऐटीत ग्लास पुढे केला. त्यांनी एक घोट घेतला, ग्लासात डोकावून पाहिलं आणि अगदी काळजीने विचारलं, “कोणाला बरं नाही काय रे घरात?”

त्यांना तो काढा वाटला होता. मी चाखून पाहिलं तर त्यांचं बरोबर होतं. जिभेच्या टोकाला गोड, मधे आंबट, आणि गिळल्यावर घशापाशी असा कडवटपणा, की जो पाणी पिऊनही जात नाही. मावशींनी दोन घोट घेतले आणि ग्लास शेकोटीच्या आडोशाला सरकवून ठेवला. रात्री मी तो तिथून उचलला तेव्हा जवळजवळ भरलेलाच होता.

साखर वाढवून पाहिली, त्याने गोड काढा झाला. नंतरच्या आठवड्यात लवंगा काढून केलं, सुंठ काढून केलं, शेवटी नुसताच रस उकळून थंड केला. कडूच. मसाल्याचा काही संबंध नव्हता. मग कळलं ते असं : संत्र्याच्या बिया, सालीखालचा पांढरा भाग आणि पाकळीवरचं पातळ आवरण यांत एक पदार्थ असतो, जो फळ अख्खं असताना कडू नसतो. रस काढला की तो आंबट रसात मिसळतो आणि हळूहळू त्याचं लिमोनिन होतं. ते मात्र कडू. गरम केलं की हे काम झपाट्याने होतं. म्हणून सोलून खाल्लेलं संत्रं गोड, लगेच प्यालेला रस गोड, आणि तासाभराने तोच रस वैद्यांकडचा. नागपुरी संत्र्याच्या रसाचा धंदा करणाऱ्यांचं हे जुनं दुखणं आहे. मोसंबीचंही तेच, रसवंतीवाला ‘लगेच प्या’ म्हणतो ते उगाच नाही.

उपाय नाहीत असं नाही. पाकळ्या सोलून, बिया काढून, आतला नुसता गर हाताने हलकेच पिळला, मिक्सरला अजिबात लावला नाही, तर कडूपणा बराच कमी येतो. मी एकदा बारा संत्री अशी सोलली. त्यात एक अख्खा सिनेमा संपला. आणि इतकं करूनही दुसऱ्यांदा गरम केल्यावर शेवटी त्याने घसा धरलाच. तुमचा हात हलका असेल तर कदाचित तुम्हाला जमेल.

सफरचंदाकडे मी वळलो तो भाच्यामुळे. तो जर्मनीत आहे. तिकडे डिसेंबरातल्या बाजारात मोठ्यांना मसाला घातलेली गरम वाइन मिळते आणि मुलांना तशाच मसाल्यातला फळांचा रस, ‘किंडरपुन्श’ नावाचा. त्यात सफरचंदाचा रस बहुतेक वेळा असतोच. तो म्हणाला, मामा, ते लोक संध्याकाळभर मोठ्या पातेल्यात गरम ठेवतात. ‘संध्याकाळभर’ हा शब्द ऐकला आणि माझे कान टवकारले.

पहिला प्रयत्न फसला, हे कबूल करतो. बाजारातला डब्यातला रस आणून तापवला, तर गोळ्या विरघळवल्यासारखा लागला. दुसऱ्या वेळी फळं आणली. इथे एक गंमत आहे. खायला जी सफरचंदं आपण टाळतो, पिठूळ झालेली, दाबली की दबणारी, तीच या कामाला उत्तम. फळवाला ती स्वस्तात देतो आणि वर दयाही दाखवतो. किलोभर फळं सालीसकट चिरायची (बिया मात्र काढायच्या), दीड लिटर पाणी, दालचिनीचा दोन बोटं लांब तुकडा, चार-पाच लवंगा, एक चक्रफूल, सुंठेचा खडा ठेचून. झाकण ठेवून मंद आचेवर पाऊण तास. मग पावभाजीच्या मॅशरने ठेचायचं आणि फडक्यातून गाळायचं. फडकं पिळायचं नाही, आपोआप गळू द्यायचं, नाहीतर खाली गाळ बसतो. शेवटी गूळ आणि अर्ध्या लिंबाचा रस. लिंबाशिवाय करू नका. सफरचंद एकटं असलं की अगदी सज्जन लागतं, त्याला कुणीतरी टोचणारं लागतं.

दालचिनीची पूड वापरण्याचा मोह होतो. होऊ देऊ नका. उकळीत ती बुळबुळीत होते आणि ग्लासाच्या तळाशी मातीसारखी बसते. लवंगाही सहाच्या वर गेल्या की ओठ बधिर होतात आणि पाहुणे दातांच्या डॉक्टरची आठवण काढतात. पातेलं स्टीलचं, जाड बुडाचं घ्या. आंबट रस अॅल्युमिनियममध्ये किंवा कल्हई उडालेल्या पितळेत उकळायचा नसतो, हे तुम्हाला ठाऊक असेलच, पण आमच्याकडे एकदा झालंय.

वेळ लागतो, ते खरंच. एक तास धरून चाला. कुकरला दोन शिट्ट्या काढूनही होतं, फक्त मग घरभर वास पसरत नाही, आणि निम्मी मजा त्यातच आहे. रंगही संत्र्याइतका देखणा नाही, गूळ घातल्यावर तो चहाच्या जवळ जातो. पण हे पातेलं रात्री आठला चढवा आणि अकराला उतरवा, चव तीच राहते, उलट मसाला मुरतो. एका रात्री उरलेलं तसंच झाकून ठेवलं होतं. सकाळी आईने ते तापवून पोळीच्या लाडवाबरोबर घेतलं आणि मला वाटतं आदल्या रात्रीपेक्षा तेव्हाच ते जास्त चांगलं लागत होतं.

त्यामुळे माझा आपला अंदाज असा : घरात दोघंच असाल, संत्री ताजी असतील आणि केल्या केल्या पिणार असाल, तर संत्र्याला तोड नाही. दहा मिनिटांत करा, पाच मिनिटांत संपवा, पातेल्यात थेंब ठेवू नका. ‘क’ जीवनसत्त्वासाठी म्हणून करणार असाल तर मात्र ते सोलून खाल्लेलं बरं, उकळून त्यातलं बरंच जातं. आणि माणसं चारपेक्षा जास्त असतील, त्यातली दोन नेहमीच उशिरा येणारी असतील (अशी प्रत्येक घरात असतात), तर सफरचंद. आमच्या घरात चारपेक्षा कमी माणसं कधी जमतच नाहीत, हा आमचा प्रश्न.

संत्र्याला मी अगदीच हद्दपार केलेलं नाही. ग्लास भरला की संत्र्याच्या सालीचा बोटभर तुकडा त्यावर धरून मधोमध दुमडतो. सालीतल्या तेलाचा बारीक फवारा वाफेवर बसतो, तुकडा टाकून द्यायचा, पातेल्यात घालायचा नाही. वास पूर्ण संत्र्याचा येतो. मावसाजी यंदा दोन ग्लास प्याले आणि शेवटी संत्र्यांची पोतडी कुठून आणली ते विचारत होते. मी काटोलचंच नाव सांगितलं.