करवल्यांच्या सहा साड्या

माझ्या धाकट्या बहिणीच्या लग्नात सात करवल्या होत्या. आमच्याकडे पूर्वी कऱ्हा घेऊन नवरीमागे उभी राहणारी करवली एकच असायची, पण बहिणीची हौस मोठी होती. सातही जणींनी मोरपंखी रंगाची एकसारखी सेमी पैठणी नेसायची, हे तिनं साखरपुड्यातच ठरवलं. साड्यांची जबाबदारी मी घेतली.

आई म्हणाली, "अगं, गांधीनगरला जाऊन घेऊया की. एका दुपारचं काम." गांधीनगर म्हणजे कोल्हापूरजवळची कापडाची बाजारपेठ. आईचं मी ऐकायला हवं होतं. पण करवल्यांपैकी तिघी पुण्यात, एक बेंगळुरूला, मामेबहीण सांगलीला. प्रत्येकीचा ब्लाऊज कुठं आणि कधी शिवायचा? इन्स्टाग्रामवरच्या एका पानावर साडीसोबत मापाचा ब्लाऊज शिवून मिळणार होता, म्हणून मी तिकडं वळले.

मी डोळे झाकून पैसे पाठवले नव्हते, हे मुद्दाम सांगते. आधी एकच साडी मागवली, 1,850 रुपयांना, कॅश ऑन डिलिव्हरीनं. चार दिवसांत आली आणि खरंच सुरेख होती. काठ विणलेला, पदरावर मोर, ब्लाऊज बहिणीच्या मैत्रिणीला अगदी बेताचा बसला. ही पहिली साडी म्हणजेच गळ होता. तुम्हालाही पहिला नमुना चांगला आला, तर त्यावरून पुढच्या मालाची खात्री धरू नका.

मग व्हॉट्सॲपवर बोलणं सुरू झालं. समोरचा माणूस चांगल्या मराठीत, प्रत्येक वाक्यात 'ताई' म्हणून बोलायचा. "ताई, आपल्या घरचं कार्य समजा." उरलेल्या सहा साड्यांचे पैसे आधी भरले तर प्रत्येकी 200 रुपये कमी, म्हणजे 9,900. क्यूआर कोड स्कॅन केल्यावर दुकानाच्या जागी भलत्याच माणसाचं नाव दिसलं. मी विचारलं, तर म्हणाला, आमच्या हिशेबनिसाचं खातं आहे. तिथंच थांबायला हवं होतं. पैसे भरल्यावर त्यानं बिल पाठवलं आणि खाली एक ओळ होती: शिवलेला माल परत घेतला जाणार नाही. ती ओळ पानावर कुठंच नव्हती.

दहा दिवसांचा वायदा होता. लग्नाला पाच दिवस उरले असताना पार्सल आलं. घरी आजी एकटी होती, तिनं सही करून घेतलं. संध्याकाळी उघडलं, तर काठ विणलेला नव्हता, छापलेला होता. दोन साड्या मोरपंखी, चार पोपटीकडं झुकलेल्या. आईनं हातानं मापून बघितलं, एकही साडी पुरती पाच मीटर भरली नाही, साडेपाच तर लांबच.

आणि ब्लाऊज. सहाही ब्लाऊज एकाच मापाचे, 36. सांगलीची मामेबहीण अंगानं भरलेली आहे. आपलं 44 चं माप पाठवायलाच ती किती दिवस लाजत होती. ती आधीच मदतीला आली होती. तिनं ब्लाऊज घालून बघितला, बाही कोपरापाशीच अडकली. ती काढून घडी घालत म्हणाली, "माझंच चुकलं असेल ताई, मीच माप नीट घेतलं नसेल." पैशांपेक्षा हे वाक्य मला जास्त लागलं. तिच्यासमोर मोबाईल धरून मी सहाही ब्लाऊजची मापं दाखवली, तरी त्या रात्री ती जेवताना गप्पच होती.

दुसऱ्या दिवशी मी तक्रार केली. आधी त्यानं पार्सल उघडतानाचा व्हिडिओ मागितला. तो नव्हता. मग अचानक सूर बदलला: ताई, अर्धे पैसे परत करतो, कोड पाठवलाय, स्कॅन करून पिन टाका, रक्कम जमा होईल. घरात हळकुंडं, रुखवत, पाहुणे, डोकं ठिकाणावर नव्हतं. पिन टाकला आणि आणखी 4,950 रुपये गेले. यूपीआयचा पिन पैसे देताना किंवा खात्यातली शिल्लक बघताना लागतो, पैसे घ्यायला तो कधीच लागत नाही. घरातल्या मोठ्या माणसांना हे आजच सांगा.

खरी चूक त्यानंतर झाली. लग्न आटोपू दे, मग बघू, असं म्हणून मी आठवडा घालवला. 1930 या सायबर फसवणुकीच्या सरकारी हेल्पलाइनवर लगेच फोन केला असता, तर पैसे पुढच्या खात्यात असतानाच रोखता येण्याची शक्यता असते. मी फोन केला तोवर रक्कम काढून झाली होती. तक्रार सायबर गुन्ह्यांच्या सरकारी पोर्टलवर नोंदवली आहे, क्रमांक मिळाला आहे, पैसे नाहीत.

बिलावरचा जीएसटी क्रमांक मी नंतर तपासला. दुकान पुण्याचं सांगितलं होतं, क्रमांकाची सुरुवात मात्र 24 नं, म्हणजे गुजरातची. महाराष्ट्राचा 27 असतो. जीएसटीच्या संकेतस्थळावर तो घातल्यावर वेगळ्याच व्यवसायाचं नाव आलं. दोन मिनिटांचं काम होतं, तेही फुकट. ई-कॉमर्सच्या 2020 च्या नियमांप्रमाणं सदोष किंवा वर्णनापेक्षा वेगळा माल परत घ्यायला विक्रेता नकार देऊ शकत नाही. ग्राहक आयोगात पाच लाखांपर्यंतच्या तक्रारीला शुल्कही नाही. पण तक्रारीत समोरच्याचं नाव आणि पत्ता लिहावा लागतो. माझ्याकडं फक्त एक बंद पडलेला मोबाईल नंबर होता. म्हणून पैसे भरण्याआधी पत्ता मागा, आणि त्या गावात कुणी ओळखीचं असेल तर त्याला जाऊन बघायला सांगा.

शेवटी आई आणि मी गांधीनगरला गेलो. एकाच लॉटमधल्या सात साड्या मिळाल्या, मोरपंखी नव्हे, डाळिंबी. गल्लीतल्या शिवणाऱ्या काकूंनी तीन रात्री जागून ब्लाऊज पुरे केले. मामेबहिणीचं माप त्यांनी दार लावून, स्वतः टेप धरून घेतलं.

ते पान अजून सुरू आहे. नाव बदललंय, पण फोटो तेच आहेत: मोरपंखी साडी, गुलाबी काठ, लाकडी झोपाळ्यावर बसलेली, चेहरा न दिसणारी मुलगी. इन्स्टाग्रामवर 'या खात्याविषयी' उघडलं की खातं कधी सुरू झालं आणि आधी किती वेळा नाव बदललं, ते दिसतं. हा फोटो समोर आला, तर आधी तेवढं बघा.