नवी पेठेतलं जुन्या पुस्तकांचं दुकान: माल चांगला, तारीख बघून घ्या

दुकानाला पाटी नाही, त्यामुळे नाव सांगता येत नाही. सोलापूरच्या नवी पेठेत चहाच्या टपरीला लागून अरुंद गाळा आहे. बाहेर एमपीएससीच्या गाइडांचे ढीग, खरा माल माळ्यावर.

मी टॉवेल एक्स्पोर्टच्या ऑफिसात असतो. चिली-पेरूच्या गिऱ्हाइकांमुळे स्पॅनिश शिकलो. परदेशी भाषेतलं काही आहे का विचारलं, तर मालकांनी शिडी लावून एक पुस्तक काढलं. "फ्रेंच दिसतंय, घ्या की सर, दीडशे." निघालं 'लासारियो दे तोर्मेस', सोळाव्या शतकातली निनावी स्पॅनिश कादंबरी, टीपांसकट! एकशेवीसला दिलं.

मूळ मजकूर पानावर चार ओळी, खाली टीपा वीस. पण त्या टीपांमुळेच मजा. आंधळा भिकारी आणि त्याचा पोऱ्या लासारो आल्मोरोश गावात द्राक्षं खायला बसतात. एकेक मणी उचलायचा ठरतं. आंधळा दोन-दोन घ्यायला लागतो, तर पोऱ्या तीन-तीन. शेवटी आंधळा म्हणतो, तू तिनाच्या हिशेबानं खाल्लीस, कारण मी दोन घेत होतो तरी तू गप्प होतास. नान्नजची द्राक्षं वाटून खाल्लेल्या माणसाला हे वेगळं समजावायला नको. आंधळ्याच्या वाटाड्याला स्पॅनिशमध्ये 'लासारियो'च म्हणतात, ते या पोऱ्यावरून.

लेखक कोण याचा घोळ प्रस्तावनेत बारा पानं चालतो. 1605 मध्ये एकानं हुआन दे ओर्तेगा या मठाधिकाऱ्याचं नाव घेतलं, 1607 मध्ये दुसऱ्यानं दिएगो उर्तादो दे मेंदोसाचं. ही पानं मी दोनदा वाचली. आमच्याकडे बिलावर सही कुणाची यावरून एवढंच भांडण होतं, पण ते संध्याकाळपर्यंत मिटतं.

आता तक्रार. प्रस्तावना सांगते, 1554 च्या आवृत्त्या तीन: बुर्गोस, आल्काला, अँटवर्प. पण 1992 मध्ये स्पेनमधल्या बार्काररोता गावात घर दुरुस्त करताना भिंतीत दडवलेली पुस्तकं सापडली, त्यात 1554 चीच चौथी, मेदिना देल कांपोची. 1559 मध्ये या पुस्तकावर बंदी आली होती, दडवण्याचं कारण तेच असावं. म्हणजे माझी प्रत ही चौथी आवृत्ती कळण्याआधीची. मालकांना सांगितलं तर म्हणाले, "जुनं आहे म्हणून तर माळ्यावर होतं."

परत घेत नाहीत. दुपारी एक ते चार बंद, आणि सुटे पैसे न्या, स्कॅनर नुसता चिकटवलेला आहे. पाचपैकी चार.