पासवर्ड दिला नाही, ओटीपी दिला नाही, तरी लायब्ररी गेली

२०२५ च्या दिवाळीत स्टीम या कम्प्युटर गेमच्या ऑनलाइन दुकानातल्या माझ्या अकाउंटच्या बाबतीत जे घडलं ते जसंच्या तसं लिहितोय. घरात दोन-तीन जण मिळून एकाच लायब्ररीतले, म्हणजे एकाच अकाउंटवर घेतलेले, गेम खेळत असाल, तर कृपा करून पूर्ण वाचा. माझे ४९९ रुपये गेले. त्याचं मला फार वाटत नाही. बाकी जे गेलं ते पुढे येईलच.

नाशिकला आमचं एकत्र कुटुंब आहे. मी, धाकटा भाऊ, माझी नववीतली मुलगी आणि भावाचा सहावीतला मुलगा, एवढे खेळणारे. २०१५ च्या शेवटी स्टीमवर किमती रुपयांत दिसायला लागल्या, तेव्हापासून मी दर सेलला एक-दोन गेम घेत आलोय. दहा वर्षांत सत्तरच्या वर झाले. सप्टेंबर २०२४ मध्ये स्टीम फॅमिलीज, म्हणजे एका घरातल्यांना एकमेकांचे गेम खेळू देणारी सोय, सगळ्यांसाठी खुली झाली, त्याच आठवड्यात मी घरातल्या चौघांची फॅमिली करून ठेवली. जुन्या शेअरिंगमध्ये मी काहीही खेळायला बसलो की मुलांना माझी अख्खी लायब्ररी बंद व्हायची. नव्या पद्धतीत ती कटकट संपली. मी एक गेम खेळतोय आणि पुतण्या दुसरा, असं एकाच वेळी चालतं. फक्त एकच गेम दोघांना एकदम हवा असेल, तर त्याच्या दोन कॉपी घ्याव्या लागतात. वर्षभर घरात यावरून एकदाही भांडण झालं नाही.

दसऱ्याच्या सुमारास लागलेल्या सेलमध्ये मी गाड्यांच्या शर्यतीचा एक गेम घेतला. माझ्याकडे चालला, पण पुतण्याच्या लायब्ररीत दिसेना. कम्प्युटरवरचा स्टीमचा प्रोग्राम बंद करून चालू केला, लॉगआउट-लॉगइन केलं, पालक म्हणून लावलेली बंधनं तपासली, काही फरक नाही. पोराची सुट्टी सुरू झालेली. तो रोज विचारायचा, "काका, आला का?"

शेवटी गेम खेळणाऱ्या मराठी मुलांच्या एका चॅट ग्रुपवर मी प्रश्न टाकला. पाच मिनिटांत एकाचा वैयक्तिक मेसेज आला. "दादा, कॉमन प्रॉब्लेम आहे. फॅमिलीचं सिंक अडकलंय. रिसेट मारावी लागेल." बोलणं अगदी घरच्यासारखं. आधी त्याने काहीच मागितलं नाही. मी काय काय करून पाहिलं ते शांतपणे विचारलं, आमच्या फॅमिलीत किती जण आहेत, माझ्याकडे अंदाजे किती गेम आहेत, मोठे कोणते, तेही विचारलं. मला वाटलं, मुलगा नीट चौकशी करून काम करतोय. तो माझ्या लायब्ररीची किंमत काढत होता, हे मला नंतर कळलं.

मी सुरुवातीलाच सांगितलं होतं की पासवर्ड देणार नाही आणि कुठलाही कोड सांगणार नाही. तो म्हणाला, "देऊच नका दादा. कुणालाच देऊ नका. माझं त्याशिवाय काम होतं." या एका वाक्याने माझा विश्वास बसला. बँकेचे मेसेज वाचून वाचून माझ्या डोक्यात एवढंच पक्कं बसलं होतं, की ओटीपी सांगितला नाही म्हणजे आपण सुरक्षित.

धनत्रयोदशीच्या रात्री, १८ ऑक्टोबरला, दिवे लावून झाल्यावर मी कम्प्युटरसमोर बसलो. त्याने व्हॉइस कॉल लावला आणि स्वतःची स्क्रीन शेअर केली. स्क्रीनवर स्टीमच्या निळ्या चौकटीत एक क्यूआर कोड होता. "स्टीमचं मोबाइल अ‍ॅप उघडा आणि हा स्कॅन करा. याने फक्त व्हेरिफाय होतं की अकाउंट तुमचंच आहे. लवकर करा, कोड बदलत राहतो." मी फोन मॉनिटरसमोर धरला. अ‍ॅपवर साइन-इनची विनंती आली. खाली जागेचं नाव होतं, आणि ते नाशिक नव्हतं. ते नाव मी वाचलं. विचारलंसुद्धा, "हे दुसरंच गाव दाखवतंय." तो म्हणाला, "इंटरनेटवाल्याचा सर्व्हर तिथं असेल दादा, असं दाखवतंच." आमच्या ब्रॉडबँडचं ठिकाण कधी मुंबई तर कधी पुणे दिसतं, हे मला माहीत होतं. मी परवानगीचं बटण दाबलं.

तो क्यूआर व्हेरिफिकेशनचा नव्हताच. तो साइन-इनचा होता. स्टीमच्या लॉगिन पानावर पासवर्डशेजारी जो क्यूआर दिसतो, तोच. तुमच्या फोनवरच्या अ‍ॅपने तो स्कॅन करून मंजुरी दिली, की समोरच्या कम्प्युटरवर तुमचं अकाउंट उघडतं. पासवर्ड लागत नाही, कोड टाइप करावा लागत नाही. दुकानाची किल्ली दिली नाही, पण शटर मीच आतून वर केलं.

त्यानंतर त्याने स्क्रीन शेअर बंद केली. "आता तुम्हाला फॅमिलीतून काढून परत आत घेतो. सिंक व्हायला ४८ तास लागतील. तोवर काही छेडू नका." मग आपल्या कामाचे ४९९ रुपये यूपीआयने मागितले. मी लगेच पाठवले, वर दिवाळीच्या शुभेच्छाही दिल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी पुतण्या माझ्या खोलीत आला. "काका, सगळंच गेलं." त्याच्या लायब्ररीत भावाचे तीन गेम उरले होते, माझा एकही नव्हता. मी त्या मुलाला मेसेज केला. उत्तर आलं, "सिंक चालू आहे, थांबा." दुपारी आम्ही सगळे गावी निघालो. भाऊबीज करून, शेतावर दोन दिवस राहून नवव्या दिवशी परतलो. त्या आठवड्यात स्टीम उघडून बघायचं मला एकदाही सुचलं नाही.

परत येऊन लॉगिन केलं तर समोर सूचना. माझ्याकडच्या एका ऑनलाइन गोळीबाराच्या गेममध्ये चीटिंगबद्दल माझ्यावर बॅन, म्हणजे बंदी, लागला होता. तो गेम मी तीन महिन्यांत उघडला नव्हता. प्रोफाइलवर कुणालाही दिसेल अशी बॅनची नोंद. दहा वर्षांत मी कुठल्याच गेममध्ये खोटं खेळलेलो नाही. शाळेपासूनचे मित्र त्या यादीत आहेत. तो दिवस मी कुणाशीच धड बोललो नाही.

फॅमिली मॅनेजमेंटचं पान उघडलं तेव्हा उलगडा झाला. वर आमच्या फॅमिलीचं नाव नव्हतं, भलतंच इंग्रजी नाव होतं. खाली माझ्याखेरीज पाच अनोळखी नावं. फॅमिलीत जास्तीत जास्त सहा जण बसतात, आणि सहावा मी होतो. त्या मुलाने माझं अकाउंट माझ्या घरच्या फॅमिलीतून बाहेर काढलं होतं आणि स्वतःच्या फॅमिलीत घातलं होतं. माझे सत्तर गेम त्या पाच जणांना फुकट खुले झाले होते.

नियम सरळ आहे, स्टीमने लिहूनच ठेवलेला आहे: फॅमिलीतला कुणी तुमच्या कॉपीवर खेळताना चीटिंग करताना सापडला, तर त्या गेममध्ये त्याच्याबरोबर तुम्हीही बॅन होता. त्या पाचांपैकी कुणाला तरी चीट, म्हणजे फसवून जिंकवणारं सॉफ्टवेअर, चालवायला दुसऱ्याची कॉपी हवी होती, ती माझी मिळाली. नंतर त्याच ग्रुपवर मागे जाऊन पाहिलं, तेव्हा दुसऱ्या नावाने टाकलेली जाहिरात दिसली. "फॅमिली स्लॉट, तीनशेहून जास्त गेम, फक्त १२०० रुपये." स्लॉट म्हणजे फॅमिलीतली एक जागा. म्हणजे एकीकडे माझ्यासारख्याची लायब्ररी "रिसेट"च्या नावाखाली ओढायची आणि दुसरीकडे त्याच गेमांचे स्लॉट विकायचे. विकत घेणारी बहुतेक कॉलेजची मुलं. त्यांना वाटतं स्वस्तात काम झालं. स्लॉट विकणाऱ्याने काढून टाकलं की त्यांचेही १२०० गेले. शिवाय फॅमिली ही एका घरात राहणाऱ्यांसाठीच आहे, विकण्याची गोष्टच नाही ती.

मी संतापाने त्याच क्षणी त्या फॅमिलीतून बाहेर पडलो. ते करायलाच हवं होतं, पण आता दुसरा नियम आडवा आला. मोठ्या माणसाला फॅमिली केव्हाही सोडता येते, मात्र आधीच्या फॅमिलीत शिरल्यापासून एक वर्ष होईपर्यंत त्याला दुसऱ्या फॅमिलीत जाता येत नाही आणि नवी काढताही येत नाही. आमच्या घरच्या फॅमिलीला वर्ष उलटून गेलं होतं, म्हणून तर त्याला मला तिथून उचलून थेट त्याच्याकडे नेता आलं. आणि त्याच्याकडे मी १८ ऑक्टोबर २०२५ ला शिरलो, म्हणून १८ ऑक्टोबर २०२६ पर्यंत मी माझ्या स्वतःच्या घरच्यांच्या फॅमिलीत परत जाऊ शकत नाही. भिंतीपलीकडच्या खोलीत पुतण्या बसलेला असतो आणि माझे गेम त्याला देता येत नाहीत.

हा वर्षाचा नियम अशा स्लॉटच्या धंद्याला आळा बसावा म्हणूनच असणार, आणि तो मला योग्यच वाटतो. तो ढिला असता तर हे लोक रोज एकाला काढून दुसऱ्याला बसवत राहिले असते. बॅनचंही तेच. गेमचा बॅन गेम बनवणारे लावतात, स्टीमचा सपोर्ट विभाग तो उठवू शकत नाही. मी गेमवाल्यांना तारखांसकट सगळं लिहून पाठवलंय. उठेल असं गृहीत धरलेलं नाही.

मूळ प्रश्नाचं उत्तर मात्र ऐकाच, कारण त्यापायीच हे सगळं झालं. तो शर्यतीचा गेम शेअर होणाराच नव्हता. तो चालवायला प्रकाशकाचं, म्हणजे गेम बाजारात आणणाऱ्या कंपनीचं, वेगळं अकाउंट लागतं, आणि असे बरेच गेम फॅमिलीत येत नाहीत. काही प्रकाशक आपले गेम स्वतःहून बाहेर ठेवतात. गेमच्या स्टोअर पानावर उजवीकडे सिंगल-प्लेअर, क्लाउड वगैरे सोयींची यादी असते. त्यातच फॅमिली शेअरिंग लिहिलेलं असतं. नसेल तर विषय संपला, कितीही रिसेट मारा. मला हे बघायला दहा सेकंद लागली असती. असेल आणि तरी गेम दिसत नसेल, तर घरात दुसरं कुणी तोच गेम खेळत नाही ना, आणि मुलाच्या अकाउंटला तुम्हीच लावलेल्या बंधनात तो अडकला नाही ना, एवढं पाहा. "रिसेट" नावाचा प्रकार तिथे कुठेही नाही. आणि स्टीमचा सपोर्ट त्यांच्याच साइटवर लॉगिन करून मिळतो. चॅटवर स्वतःहून मेसेज करणारा कुणीही सपोर्टचा नसतो.

माझ्यासारखं झालंच असेल तर आधी पासवर्ड बदला आणि सिक्युरिटीच्या पानावरून सगळ्या डिव्हाइसवरून साइन-आउट करा. मी हे फॅमिली सोडल्यावर अर्ध्या तासाने केलं. तो अर्धा तास तो माणूस अजूनही माझ्या अकाउंटमध्ये होता. आपल्या नावावर कुणी एपीआय की (दुसऱ्या प्रोग्रामला आपल्या अकाउंटशी जोडणारी डिजिटल किल्ली) काढून ठेवलीय का तेही तपासा, असेल तर रद्द करा. चॅट पुसू नका. मी रागाच्या भरात अर्धं पुसलं आणि तक्रारीच्या वेळी तेच हवं होतं. पैशांसाठी सायबर फसवणुकीच्या १९३० या हेल्पलाइनवर फोन केला, सायबरक्राइम डॉट गव्ह डॉट इन वर तक्रार नोंदवली, बँकेला कळवलं. तक्रारीचा क्रमांक मिळालाय, पैसे अजून आलेले नाहीत. ४९९ रुपयांसाठी कोण एवढं करतो, असं भाऊ म्हणाला. पण तो यूपीआय आयडी कुठेतरी नोंदला जायला हवा होता.

सगळ्यात अवघड होतं ते पुतण्याला सांगणं. तो स्टारड्यू व्हॅली हा शेतीचा गेम खेळायचा, माझ्या कॉपीवर. वर्षभर रोज अर्धा तास. त्याचं शेत तिसऱ्या वर्षाच्या शरदात होतं, भोपळे लावलेले, कोंबड्यांना त्याने आमच्या गल्लीतल्या मांजरांची नावं दिलेली. मी त्याला समोर बसवून सगळं खरं सांगितलं. कोणी फसवलं, मी काय चुकलो, वर्षभर का थांबावं लागेल. त्याने सगळं ऐकून घेतलं आणि एवढंच विचारलं, "माझं शेत पुसलं का?"

नाही पुसलं. फॅमिलीत प्रत्येकाचे सेव्ह, म्हणजे खेळ जिथवर आला त्याच्या नोंदी, ज्याच्या त्याच्या अकाउंटला राहतात, गेम कुणाचाही असो. फक्त ते उघडायला त्याच्याजवळ गेम नव्हता. त्याच संध्याकाळी मी तेवढा एक गेम त्याच्या नावाने विकत घेतला. डाउनलोड होईपर्यंत तो खुर्चीवर पाय वर घेऊन बसून होता. गेम उघडला, लोडच्या यादीत त्याचं नाव दिसलं. घराचं दार उघडून तो शेतात आला, आणि आधी कोंबड्या मोजल्या.