ऑटिझम असलेल्या प्रेक्षकांसाठी तीन सिनेमे: कानाने आणि डोळ्याने केलेली पारख

पोस्टरवर गोंडस प्राणी आणि प्रमाणपत्रावर 'यू' दिसलं की घरचे निर्धास्त होतात. इथेच फसगत होते. सेन्सॉर बोर्डाचं 'यू' काय किंवा नव्या पद्धतीतलं 'यूए ७+' काय, ते विषय, भाषा आणि हिंसा बघून मिळतं. आवाज किती वेळा दचकवतो, पडदा किती लखलखतो, याचा हिशेब त्यात कुणी धरत नाही. २०१८ चा 'इन्क्रेडिबल्स २' चांगला लहान मुलांचा सिनेमा, पण त्यातल्या लखलखाटाच्या दृश्यांमुळे अमेरिकेत थिएटरांना दारावर इशारे लावावे लागले. ऑटिझमसोबत फिट्सचा त्रास असण्याचं प्रमाण एरवीपेक्षा जास्त असतं, त्यामुळे सेकंदाला तीनपेक्षा जास्त वेळा झगमगणारं दृश्य असेल तर तो सिनेमा बाजूलाच ठेवलेला बरा.

'माय नेबर टोटोरो' (१९८८, हायाओ मियाझाकी, ८६ मिनिटं) या यादीत पहिला. खलनायक नाही, मारामारी नाही. दोन बहिणी वडिलांबरोबर खेड्यातल्या जुन्या घरात राहायला येतात, आई दवाखान्यात असते आणि शेजारच्या झाडाच्या ढोलीत एक अगडबंब केसाळ प्राणी झोपलेला सापडतो. दृश्यं लांब, रंग मऊ, कुणाला कसली घाई नाही. मात्र खडे आहेत, आणि ते कुठे आहेत हे आधी माहीत हवं. सुरुवातीला मुली रिकाम्या घरातल्या काजळीच्या गोळ्यांना पळवून लावायला किंचाळतात. धाकटी मेई टोटोरोला पहिल्यांदा भेटते तेव्हा तो जबडा वासून डरकाळी फोडतो. सगळ्यात फसवा प्रसंग बसथांब्यावरचा. पाऊस रिपरिपतोय, कुणी बोलत नाही, छत्रीवर एखाददुसरा थेंब टपकतोय. टोटोरोला तो टपटप आवाज आवडतो आणि तो दाणकन उडी मारतो. झाडावर साठलेलं पाणी एकदम छत्र्यांवर कोसळतं. आवाज तसा फार मोठा नाही, पण आधी इतकी शांतता असते की तो दुप्पट वाटतो. थेंब टपकायला लागले की आवाज दोन घरं खाली घ्यावा आणि 'आता उडी मारणार' असं सांगून ठेवावं. शेवटच्या भागात मेई हरवते, बहीण तिला हाका मारत धावते, तळ्यात एक चप्पल सापडते. ती चप्पल मेईची नसते. हे आधी सांगितलं तर सिनेमाची मजा जात नाही, उलट तो शेवटपर्यंत बघून होतो.

'शॉन द शीप मूव्ही' (२०१५) ची जमेची बाजू वेगळी. त्यात समजावं असं एकही वाक्य नाही. सगळं बें-बें, पुटपुट आणि हातवारे. शब्दांचा अर्थ लावण्यातच ज्यांची दमछाक होते त्यांना ही केवढी सोय. सोलापुरात तर घरात तेलुगू किंवा कन्नड, गल्लीत मराठी आणि टीव्हीवर हिंदी असा मामला असतो, त्यामुळे 'कुठल्या भाषेत लावायचा' हा प्रश्नच मिटतो. पण शांत म्हणून हा सिनेमा कुणी सांगितला तर त्याने तो पुरता बघितलेला नाही. शॉन हे मेंढरू आणि त्याचा कळप शहरात पोचल्यावर धावपळ सुरू होते. प्राणी पकडणारा ट्रम्पर मागे लागतो आणि शेवटी ट्रॅक्टर लावून मेंढरांसकट शेडच खाणीत ढकलायला निघतो. आवाजापेक्षाही जिव्हारी लागणारी गोष्ट म्हणजे त्यांच्या मालक शेतकऱ्याची स्मृती जाते आणि तो शॉनला ओळखतच नाही. गोष्ट जशीच्या तशी खरी मानणाऱ्या प्रेक्षकाला हे फार लागतं. त्यामुळे पहिल्या वेळी शेतावरचा सुरुवातीचा भाग तेवढा दाखवा, शहर दुसऱ्या दिवशी.

मराठीत 'एलिझाबेथ एकादशी' (२०१४, परेश मोकाशी). पंढरपूर आपल्या सोलापूरपासून सत्तरेक किलोमीटरवर. टाळ-मृदंग, गल्ल्या, बोली सगळं ओळखीचं, आणि ओळखीचं असणं हाच मोठा आधार. सायकल वाचवण्यासाठी मुलं एकादशीच्या बाजारात दुकान मांडतात, इतकी सरळ गोष्ट. अडचण त्याच बाजाराची: गर्दी आणि एकावर एक चढणारे आवाज. सोलापूरच्या गड्ड्याच्या जत्रेतून जो कान झाकून परत येतो, त्याला पडद्यावरची जत्राही तशीच बोचेल. आठ-दहा वर्षांच्या पुढच्यांना, ज्यांना बाजार चालतो त्यांना, जरूर दाखवा. लहानांना नको.

नवा सिनेमा तपासायचा तर पूर्ण बघायला वेळ नसला तरी चालतं. पहिली दहा मिनिटं, मधली दहा आणि शेवटची वीस बघा. गोंधळ बहुतेक शेवटच्या विसातच असतो. एकदा डोळे मिटून ऐका, एकदा आवाज बंद करून बघा. प्रेक्षक जिथे बसणार तिथे मोबाइल ठेवून आवाज मोजणारं एखादं फुकटचं ॲप चालू करा. त्याचा आकडा तंतोतंत नसतो, पण फरक कळतो. संवाद ५५-६० डेसिबलवर आणि मधेच आकडा ७५ वर गेला, की त्या जागेची वेळ लिहून ठेवा. दहा डेसिबल वाढले की कानाला आवाज साधारण दुप्पट वाटतो.

आता घर. मे महिन्यात पारा ४२ च्या पुढे, कूलर चालू, कूलरमुळे संवाद ऐकू येत नाहीत म्हणून आवाज वाढवलेला, आणि मग एक धमाका आला की सगळं ओमफस. त्यापेक्षा रात्री उशिरा किंवा सकाळी लवकर, कूलर बंद करून लावा. ज्या दिवशी नळाला पाणी यायचं असेल त्या दिवशी बेतच करू नका. मोटर, बादल्या आणि हाकाटी यात टोटोरोही हरतो. वीज जाण्याचा भरवसा नसतो, तेव्हा तोच सिनेमा टॅबवर आधीच डाउनलोड केलेला असावा. खोलीत पूर्ण अंधार नको. टीव्हीच्या मागे एक मंद दिवा लावला की पडद्याचा प्रकाश डोळ्यांत घुसत नाही. अंगावर जाड सोलापुरी चादर काहींना फार आवडते, काहींना तिचा खरखरीतपणा सहन होत नाही. नवी असेल तर चार वेळा धुऊन मग द्या. चघळायला कडक भाकरीचा तुकडा उत्तम, कारण कडक काही चावलं की अनेकांचं अंग स्थिर होतं. शेंगाचटणी मात्र बेतानेच.

टीव्हीच्या सेटिंगमध्ये तीन गोष्टी बदला. आवाजाच्या पर्यायात ५.१ (सराउंड आवाज) ऐवजी साधा स्टिरिओ निवडा, ५.१ चा आवाज टीव्हीच्या दोनच स्पीकरमध्ये कोंबला की संवाद दबतात आणि धमाके उरतात. 'नाइट मोड' किंवा 'ऑटो व्हॉल्यूम' असेल तर चालू करा. खोलीतल्या उजेडाप्रमाणे पडद्याचा प्रकाश आपोआप कमी-जास्त करणारी सोय बंद करा. नेटफ्लिक्सवर आपोआप वाजणारी झलक प्रोफाइलच्या सेटिंगमधून बंद करता येते. यूट्यूबवर जाहिराती येत असतील तर तिथे सिनेमा लावूच नका, त्या कधी येतील आणि किती ओरडतील याचा नेम नसतो.

कान झाकायचे इअरमफ हाताशी असावेत, पण सतत चढवून ठेवू नयेत. कान शांततेला सोकावतो आणि साधा आवाजही बोचू लागतो. शिवाय आपल्या उन्हात अर्ध्या तासात कानाभोवती घामाची धार लागते.

एक मात्र लक्षात असू द्या: प्रत्येक स्वमग्न (ऑटिझम असलेल्या) माणसाला शांतताच हवी असते असं नाही. काहींना दणदणीत आवाज आणि भडक रंग हवेच असतात, त्यांना टोटोरो दहा मिनिटांत कंटाळवाणा होतो. आणि तोच सिनेमा पंचविसाव्यांदा मागितला तर लावा. पुढे काय होणार हे माहीत असण्यातच त्यांना निवांत वाटतं.

थिएटरचं थोडक्यात. नेहमीच्या खेळाला जायचंच असेल तर आठवड्यातला दुपारचा खेळ, सिनेमा लागून आठ-दहा दिवस झालेले, म्हणजे शिट्ट्या ओसरलेल्या. मागच्या रांगेत कडेची खुर्ची. जाहिराती आटोपल्यावरच आत शिरा. मध्यंतराचा अंदाज घेऊन दोन मिनिटं आधी बाहेर पडा, कारण दिवे भसकन लागतात, जाहिराती मोठ्याने सुरू होतात आणि पॉपकॉर्नची रांगही तेव्हाच दारापर्यंत येते. दिवे पुन्हा मंद झाल्यावर आत या. आणि कधीही हात कानाकडे गेले, तर बाहेर पडताना 'आता बंद' म्हणू नका. 'उरलेला घरी बघू' म्हणा, आणि खरंच दाखवा.